दशांश चिन्हापलीकडील माणसे

अतिमानवी शक्तींच्या नायकांच्या कथा मुलांच्या करमणुकीपुरत्याच असतात, असा माझा दीर्घकाळ समज होता. मागे पाय मुरगळल्यामुळे आठवडाभर घरी बसावे लागले, तेव्हा मुलाने ‘हीरोज’ ही अमेरिकन मालिका लावून दिली. टिम क्रिंग यांची ही मालिका एनबीसी वाहिनीवर २००६ ते २०१० या काळात चालली. मद्रासहून न्यूयॉर्कला गेलेला मोहिंदर सुरेश हा जनुकशास्त्रज्ञ तिच्यात आहे, म्हणून कुतूहलाने पाहू लागलो. पहिल्या पर्वाने झोप उडवली ती मात्र निराळ्या कारणाने.

न्यूयॉर्कमध्ये महास्फोट होणार, हे काही जणांना आधीच कळलेले असते. लिंडरमन हा धनाढ्य वृद्ध म्हणतो, तो होऊ द्यावा. त्या धक्क्याने जग एकत्र येईल. बळी जातील जगाच्या लोकसंख्येच्या अवघे ०.०७ टक्के. विशेष म्हणजे, या लिंडरमनच्या अंगी स्पर्शाने जखमा बऱ्या करण्याची शक्ती आहे. उपचार करणाऱ्याच्याच तोंडी हा हिशेब घालण्यात लेखकांची मर्मदृष्टी दिसते.

तो आकडा ऐकला आणि मला १९९६ सालची एक रात्र आठवली. एम.डी.चे शेवटचे वर्ष. आमच्या नवजात शिशू विभागात व्हेंटिलेटर एकच होता आणि बाळे दोन : एक अठराशे ग्रॅमचे, दुसरे नऊशेचे. निर्णय मला घ्यावा लागला. मी यंत्र मोठ्या बाळाला लावले. धाकट्याच्या वडिलांना जगण्याची टक्केवारी समजावून सांगितली. ते शांतपणे म्हणाले, “डॉक्टरसाहेब, टक्के तुमचे. माझं तर एकच आहे.”

पहाटेपर्यंत आम्ही आळीपाळीने हाताने अँबू बॅग दाबत राहिलो. उजाडता उजाडता ते बाळ गेले. मोठे वाचले. निर्णय चुकला असे मला आजही वाटत नाही. तरी त्या गृहस्थांचे वाक्य तीस वर्षांत पुसले गेलेले नाही.

मग लिंडरमनच्या टक्क्यांत आणि माझ्या टक्क्यांत फरक काय? मी बराच विचार केला. त्याला अनर्थ टाळता येत होता, तरी त्याने तो निवडला. शिवाय किंमत सारी परक्यांनी मोजायची होती. त्याच्या बेतानुसार नेथन पेट्रेली हा राजकारणी पुढे व्हाइट हाउसपर्यंत पोहोचणार असतो. पण २००७ च्या मे महिन्यात दाखवलेल्या अखेरच्या भागात, स्फोट होऊ घातलेल्या आपल्या भावाला, पीटरला, कवेत घेऊन तोच नेथन आकाशात झेपावतो. शहर वाचते. किंमत तो स्वतःच्या पदरची मोजतो.

आपल्या व्यवसायात निवड टळत नाही आणि आकड्यांवाचून ती करताही येत नाही. मात्र निवडणाऱ्याने, ज्याची निवड झाली नाही त्याच्या उशाशी बसावे, एवढे तरी ऋण त्याच्यावर उरतेच.

त्या बाळाचे बारसे झालेले नव्हते. नोंदवहीत केवळ आईचे नाव आणि पुढे ‘बाळ’ असे लिहिलेले होते. अलीकडे पालकांना टक्केवारी सांगण्यापूर्वी मी विचारतो, “घरात याला काय म्हणून हाक मारता?” उत्तर ऐकतो, आणि मगच आकड्याकडे वळतो.