कलादिग्दर्शन, चित्रपटीय
कथेतील स्थळ, काळ व वातावरण यांना पडद्यावर दृश्यरूप देण्याचे तंत्र. नेपथ्य उभारणे हे त्याचे केवळ एक अंग होय. भिंतींचा रंग, घरातील वापरलेल्या वस्तू, जागेची निवड, खिडकीतून येणारा प्रकाश या सर्वांचा विचार कलादिग्दर्शकास चित्रीकरणापूर्वीच करावा लागतो. गॉन विथ द विंड (१९३९) या चित्रपटाची समग्र दृश्ययोजना विल्यम कॅमरन मेंझीसने केली. तीवरून निर्माता डेव्हिड सेल्झनिक याने त्यास ‘प्रॉडक्शन डिझाइनर’ असे श्रेय दिले व पुढे ही संज्ञा रूढ झाली.

महाराष्ट्रात हा व्यवसाय चित्रकारांच्या हातून घडला. नाटकांचे पडदे रंगविणारे कोल्हापूरचे बाबूराव पेंटर (१८९०–१९५४) यांनी चित्रपटात सपाट पडद्यांच्या जागी त्रिमितीय नेपथ्य आणले. त्यांच्या हाताखाली तयार झालेले फत्तेलाल पुढे प्रभात फिल्म कंपनीचे कलादिग्दर्शक झाले.

खरी जागा घ्यावी की नेपथ्य उभारावे, हा या व्यवसायातील नित्याचा प्रश्न होय. सत्यजित राय यांच्या अपराजितो (१९५६) या चित्रपटासाठी बनारसच्या घराचे अंगण उघड्यावर बांधावयाचे ठरले होते. तथापि पावसाळ्याच्या भीतीने कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांनी ते कलकत्त्याच्या स्टुडिओत बांधले. अशा अंगणात प्रकाश वरून, सावल्या न पाडता उतरतो. तो साधण्यासाठी छायाचित्रकार सुब्रत मित्र यांनी वर पांढरे कापड ताणून त्यावरून दिव्यांचा प्रकाश परावर्तित केला. हे अंगण कृत्रिम असल्याची शंकाही प्रेक्षकास येत नाही, आणि कलादिग्दर्शकाचे यश बहुधा असेच अलक्षित राहते.

खऱ्या जागेच्या अडचणी निराळ्या असतात. पथेर पांचाली (१९५५) मधील काशफुलांच्या प्रसंगाचे काही चित्रीकरण १९५२ मध्ये झाले. आठवड्याने मंडळी परतली, तेव्हा गुरांनी फुले खाऊन टाकली होती. उरलेल्या भागासाठी पुढच्या वर्षीच्या बहराची वाट पाहावी लागली. अशी हानी टाळणे हे स्थळव्यवस्थापकाचे काम. जागा हेरणे, मालकाची व शासकीय खात्यांची अनुमती मिळविणे, ऋतू व सूर्याची दिशा पाहणे, वाहने, वीज, पाणी व निवास यांची तजवीज करणे आणि शेवटी जागा पूर्ववत करून देणे, ही त्याची कर्तव्ये होत. दूरच्या स्थळी तर रस्त्यापासून तयारी करावी लागते. शोले (१९७५) साठी राम येडेकर यांनी बंगलोरजवळील रामनगरच्या खडकाळ टेकड्यांच्या पायथ्याशी अख्खे गाव उभारले, तेव्हा तेथवर पोहोचण्यासाठी रस्ताही बांधावा लागला.

वास्तुकला, चित्रकला वा अंतर्गृहसजावट शिकलेले विद्यार्थी या व्यवसायाकडे वळतात. प्रभातच्या पुण्यातील जागेत १९६० मध्ये स्थापन झालेल्या संस्थेत, म्हणजे आजच्या भारतीय चित्रपट व दूरचित्रवाणी संस्थेत, या विषयाचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे. स्थळव्यवस्थापन मात्र बहुतेक जण निर्मिती विभागात साहाय्यक म्हणून राबतच शिकतात.