लहान मुलांमधील लघवीचा जंतुसंसर्ग: आधी लघवीची तपासणी, मग अँटिबायोटिक

नऊ महिन्यांची मुलगी. तीन दिवसांपासून ताप, १०२ फॅरनहाइटच्या आसपास. सर्दी नाही, खोकला नाही, जुलाब नाहीत, अंगावर पुरळ नाही. दूध कमी पिते, मधूनच उलटी करते, सारखी किरकिर चालू आहे. आजी म्हणतात, दात येत असतील. वडील विचारतात, "मागच्या वेळची अँटिबायोटिकची बाटली अर्धी शिल्लक आहे, ती सुरू करू का?"

हे चित्र कोणत्याही बालरोगतज्ज्ञाच्या ओळखीचे आहे. अशा वेळी आम्ही सर्वात आधी बाळाची लघवी तपासायला सांगतो. पालकांना याचे नवल वाटते, कारण लघवीची काहीच तक्रार दिसत नसते. पण दोन वर्षांखालील मुलाला ताप असेल आणि तपासून त्याचे कारण सापडत नसेल, तर अशा साधारण १०० मुलांपैकी ५ ते ७ जणांना लघवीचा जंतुसंसर्ग असतो. दात येताना बाळ लाळ गाळते, हिरड्या चावते, चिडचिड करते. पण १०२ ताप दातांमुळे येत नाही.

हा संसर्ग कसा होतो?

लघवी मूत्रपिंडात तयार होते, दोन नळ्यांतून मूत्राशयात उतरते आणि मूत्रमार्गातून बाहेर पडते. हा सगळा मार्ग एरवी जंतूंपासून मुक्त असतो. शौचाच्या जागेजवळ राहणारे आतड्यातले जंतू, मुख्यतः ई. कोलाय, मूत्रमार्गातून वर चढले की संसर्ग होतो. मुलींचा मूत्रमार्ग आखूड असल्याने त्यांना हा त्रास जास्त होतो. मात्र पहिल्या काही महिन्यांत मुलग्यांमध्येही तो बराच आढळतो.

संसर्ग मूत्राशयापुरता राहिला तर जळजळ होते, वारंवार लघवी लागते. तो मूत्रपिंडापर्यंत पोहोचला की जोराचा ताप येतो. लहान बाळांमध्ये ताप हीच बहुतेक वेळा मूत्रपिंडाला त्रास झाल्याची खूण असते. उपचाराला उशीर झाला किंवा असा संसर्ग पुन्हा पुन्हा झाला, तर मूत्रपिंडावर कायमचे व्रण पडू शकतात. व्रण मोठे असतील तर पुढे मोठेपणी रक्तदाब वाढणे, मूत्रपिंडाचे काम मंदावणे असे त्रास संभवतात. ताप सुरू झाल्यापासून दोन-तीन दिवसांत योग्य औषध सुरू झाले तर हा धोका बराच कमी होतो.

लक्षणे वयाप्रमाणे बदलतात

• पहिले तीन महिने: ताप, कधी उलट अंग थंड पडणे, दूध न ओढणे, सुस्ती, उलट्या, वजन न वाढणे, लांबलेली कावीळ.
• तीन महिने ते दोन वर्षे: कारण न सापडणारा ताप, किरकिर, उलट्या, भूक मंदावणे, काही वेळा लघवी करताना रडणे.
• दोन वर्षांनंतर: लघवीला जळजळ, थोडी थोडी लघवी, ओटीपोटात किंवा कमरेत दुखणे. दिवसा कोरडे राहणारे मूल पुन्हा चड्डीत लघवी करू लागणे.

लघवीला वास येणे किंवा ती गडद दिसणे एवढ्यावरून संसर्ग ठरत नाही. पाणी कमी प्यायल्यानेही तसे होते. घरात आपण याला "उन्हाळी लागली" म्हणतो आणि धने-जिऱ्याचे पाणी किंवा सब्जा देतो. मोठ्या मुलाला पाणी जास्त गेल्याने बरे वाटेलही, पण तापासह लघवीचा त्रास असेल तर त्यावर थांबू नये. सहा महिन्यांखालील बाळाला तर दुधाशिवाय असे काहीच देऊ नये.

नमुना नीट घेतला तरच निदान नीट होते

या आजारातली सर्वात जास्त गफलत लघवी गोळा करताना होते. त्वचेवर आणि शौचाच्या जागेवर जंतू असतातच. ते बाटलीत गेले तर संसर्ग नसताना रिपोर्टमध्ये संसर्ग दिसतो. मग बाळाला नको ते अँटिबायोटिक दिले जाते आणि पुढच्या तपासण्याही मागे लागतात.

घरी किंवा दवाखान्यात नमुना असा घ्यावा:

• लॅबमधून निर्जंतुक बाटली आणावी. घरची धुतलेली बाटली चालत नाही.
• बाळाला दूध पाजावे. आपले हात साबणाने धुवावेत. बाळाची लघवीची व शौचाची जागा साध्या पाण्याने धुऊन कोरडी करावी. डेटॉल किंवा पावडर लावू नये.
• डायपर काढून एकाने बाळाला धरावे, दुसऱ्याने बाटली उघडून तयार राहावे. थंड पाण्यात भिजवलेला स्वच्छ कापूस किंवा गॉज ओटीपोटावर हलकेच गोल फिरवला तर अनेक बाळे काही मिनिटांत लघवी करतात.
• पहिले थेंब जाऊ द्यावेत, मधली धार बाटलीत धरावी. बाटलीची कड अंगाला लागू देऊ नये. मुलग्याच्या शिश्नावरची त्वचा ओढून मागे घेऊ नये.
• नमुना तासाभरात लॅबमध्ये पोहोचवावा. ते शक्य नसेल तर फ्रीजमध्ये ठेवावा, मात्र बर्फाच्या कप्प्यात नको. बाहेर ठेवलेल्या लघवीत जंतू झपाट्याने वाढतात.

डायपर पिळून किंवा भांड्यातून काढलेली लघवी कल्चरसाठी उपयोगाची नाही. चिकटवायच्या पिशवीतल्या लघवीचा उपयोगही मर्यादित आहे. त्यात काहीच सापडले नाही तर संसर्ग असण्याची शक्यता कमी. पण जंतू सापडले तर त्यावर विसंबता येत नाही. म्हणून बाळ जास्त आजारी असेल किंवा नमुना मिळतच नसेल तर डॉक्टर बारीक नळी मूत्राशयात घालून लघवी काढतात. काही वेळा ओटीपोटातून सुईने काढतात. ऐकायला भीती वाटते, पण प्रशिक्षित हातांना यासाठी थोडाच वेळ लागतो आणि रिपोर्टवर भरवसा ठेवता येतो.

अँटिबायोटिकचे एक-दोन डोस आधी दिले गेले तर कल्चरमध्ये जंतू वाढत नाहीत. संसर्ग होता की नाही, जंतू कोणता होता, कोणते औषध लागू पडेल, हे मग कळत नाही. म्हणून शिल्लक बाटली उघडू नये. बाळ फार आजारी असेल तर मात्र नमुना घेतल्याबरोबर औषध सुरू करतात, रिपोर्टची वाट पाहत नाहीत.

रिपोर्टमध्ये काय पाहतात?

पहिला रिपोर्ट साध्या तपासणीचा, त्याच दिवशी मिळतो. त्यात पस सेल्स म्हणजे पांढऱ्या पेशी वाढल्या आहेत का हे पाहतात. पट्टीच्या तपासणीत नायट्राइट आले तर संसर्गाची शक्यता बरीच वाढते. पण नायट्राइट तयार व्हायला लघवी काही तास मूत्राशयात राहावी लागते. तान्ही बाळे सारखी लघवी करतात, त्यामुळे नायट्राइट नसले तरी संसर्ग नाही असे म्हणता येत नाही.

दुसरा रिपोर्ट कल्चरचा. त्याला दोन ते तीन दिवस लागतात. मधल्या धारेच्या नमुन्यात एकाच प्रकारचे जंतू मिलिलिटरमागे एक लाख किंवा त्याहून जास्त असतील तर संसर्ग धरतात. नळीने किंवा सुईने घेतलेल्या नमुन्यात याहून कमी संख्याही महत्त्वाची असते. दोन-तीन प्रकारचे जंतू एकत्र आले असतील तर बहुधा नमुना दूषित झालेला असतो आणि तो पुन्हा घ्यावा लागतो. कोणते अँटिबायोटिक चालेल, हेही याच रिपोर्टमध्ये येते. नेहमीच्या औषधांना दाद न देणारे जंतू आपल्याकडे बरेच आढळतात, त्यामुळे ही माहिती मोलाची असते.

मूल ठणठणीत आहे, काही त्रास नाही, आणि दुसऱ्याच कारणाने केलेल्या कल्चरमध्ये जंतू आले, तर सहसा औषधाची गरज नसते.

उपचार

तीन महिन्यांखालील तापलेल्या बाळाला बहुतेक वेळा रुग्णालयात दाखल करून शिरेतून औषध देतात, कारण या वयात जंतू रक्तात लवकर पसरतात. त्याहून मोठे मूल उलट्या करत नसेल, तोंडाने घेत असेल, फार सुस्त नसेल, तर तोंडाने दिलेले औषधही तितकेच काम करते. "सलाइन लावले नाही म्हणजे उपचार कमी पडले" असे नाही.

तापासह संसर्ग असेल तर औषध साधारण ७ ते १० दिवस चालते, गुंतागुंत असल्यास जास्त. मोठ्या मुलाचा फक्त मूत्राशयाचा संसर्ग कमी दिवसांत बरा होतो. ताप बहुधा दोन-तीन दिवसांत उतरतो. ताप उतरला म्हणून औषध बंद करू नये. सांगितलेले दिवस पूर्ण करावेत. तीन दिवसांनंतरही ताप असेल तर डॉक्टरांना पुन्हा दाखवावे. औषध बदलावे लागेल का, लघवीच्या वाटेत अडथळा आहे का, हे तेव्हा पाहावे लागते. मूल बरे झाले असेल तर खात्रीसाठी पुन्हा कल्चर करण्याची सहसा गरज नसते.

सोनोग्राफी आणि पुढच्या तपासण्या

काही मुलांमध्ये लघवी मूत्राशयातून उलटी वर, मूत्रपिंडाकडे जाते. तापासह लघवीचा संसर्ग झालेल्या मुलांपैकी साधारण एक तृतीयांश मुलांमध्ये हा दोष सापडतो. सौम्य दोष बहुतेक वेळा वाढत्या वयाबरोबर आपोआप बरा होतो. काही मुलांमध्ये वाटेत जन्मजात अडथळा असतो. विशेषतः मुलग्यांमध्ये लघवीची धार बारीक किंवा थेंब थेंब असेल तर ते जरूर सांगावे.

म्हणून पहिल्या संसर्गानंतर लहान मुलांची सोनोग्राफी करतात. ती वेदनारहित असते. मूत्राशयात नळीने औषध भरून एक्स-रे काढण्याची एमसीयू ही तपासणी प्रत्येकाला लागत नाही. सोनोग्राफीत दोष दिसला, संसर्ग पुन्हा झाला किंवा जंतू वेगळ्या प्रकारचा निघाला तर ती करतात. मूत्रपिंडावर व्रण राहिले आहेत का हे पाहण्यासाठी काही मुलांचे डीएमएसए स्कॅन, संसर्ग बरा झाल्यावर चार ते सहा महिन्यांनी करतात.

पुन्हा होऊ नये म्हणून

• बद्धकोष्ठतेवर आधी उपचार करावेत. भरलेले आतडे मूत्राशयावर दाबते, लघवी पूर्ण होत नाही आणि उरलेल्या लघवीत जंतू वाढतात. हे कारण पालकांच्या ध्यानात येत नाही.
• मुलांना दर दोन-तीन तासांनी लघवीला पाठवावे, घाई न करता पूर्ण करू द्यावी. शाळेतले स्वच्छतागृह अस्वच्छ म्हणून अनेक मुली दिवसभर पाणी पीत नाहीत आणि लघवी रोखून धरतात. मुलीला हे विचारावे आणि गरज असेल तर शिक्षकांशी बोलावे.
• शौचानंतर मुलींना पुढून मागे धुवावे. ओला, शी झालेला डायपर लगेच बदलावा.
• बाळाच्या शिश्नावरची त्वचा मागे सरत नाही, हे या वयात नैसर्गिक आहे. ती जबरदस्तीने ओढू नये.

ताबडतोब डॉक्टरांकडे जावे, जर

• तीन महिन्यांखालील बाळाला १००.४ किंवा जास्त ताप असेल;
• बाळ दूध पीत नसेल, सुस्त पडले असेल किंवा उलट्यांमुळे औषध पोटात राहत नसेल;
• सहा-आठ तासांत लघवी झाली नसेल किंवा लघवीत रक्त दिसत असेल;
• आधी लघवीचा संसर्ग झालेल्या मुलाला पुन्हा कारणाशिवाय ताप आला असेल.

या शेवटच्या मुद्द्यासाठी मुलाच्या फाइलमध्ये जुना कल्चर रिपोर्ट आणि सोनोग्राफी जपून ठेवावी. गावी किंवा प्रवासात ताप आला तर नव्या डॉक्टरांना आधी ती फाइल दाखवावी, आणि अँटिबायोटिकचा पहिला डोस देण्यापूर्वी विचारावे: "डॉक्टर, लघवी तपासून घ्यायची का?"