पडद्यामागचा सूत्रधार

संस्कृत नाटकातील सूत्रधार निदान नांदीनंतर प्रेक्षकांसमोर येतो. दूरचित्रवाणीच्या तांत्रिक सूत्रधाराला तेवढेही भाग्य नसते. निरनिराळ्या कॅमेऱ्यांच्या चित्रांतील उजेड सारखा राखावा, एका चित्रावरून दुसऱ्यावर जाताना सांधा दिसू देऊ नये, आणि ते चित्र प्रक्षेपकापर्यंत शाबूत पोचवावे, हे त्याचे काम. ते साधले तर कोणाच्या ध्यानातही येत नाही. चुकले तर घरोघर दिसते.

ब्रिटनमधील टोनी ब्रिजवॉटर यांची कारकीर्द या दृष्टीने मोठी उद्बोधक आहे. १९२८ साली ते जॉन बेअर्ड यांच्या कंपनीत दाखल झाले आणि १९३२ साली बीबीसीकडे आले. त्या वेळी चित्र अवघ्या ३० रेषांचे असे. त्यात एखादा चेहरा ओळखू आला तरी पुष्कळ! पुढे १९३६ च्या नोव्हेंबरात अलेक्झांड्रा पॅलेस येथून नियमित प्रक्षेपण सुरू झाले. तेथे बेअर्ड यांची २४० रेषांची आणि मार्कोनी-ईएमआयची ४०५ रेषांची पद्धती आलटूनपालटून वापरून पाहण्यात आली. १९३७ च्या फेब्रुवारीत दुसरी कायम झाली. ज्यांच्या प्रयोगशाळेत धडे गिरवले, त्यांचीच पद्धती मागे पडली. तंत्रज्ञाने मात्र नव्या यंत्राशी जुळवून घेतले पाहिजे.

त्याच वर्षी १२ मे रोजी सहाव्या जॉर्जच्या राज्याभिषेकाची मिरवणूक हाइड पार्क कॉर्नर येथून तीन कॅमेऱ्यांनी दाखवण्यात आली. वेस्टमिन्स्टर अ‍ॅबीमध्ये मात्र दूरचित्रवाणीला मज्जाव होता. एलिझाबेथ राणीच्या १९५३ सालच्या राज्याभिषेकासाठीही प्रथम नकारच मिळाला. प्रखर दिवे आणि कॅमेरे यांनी विधीचे गांभीर्य ढळेल, ही भीती होती. अखेर परवानगी मिळाली. बाह्यप्रक्षेपणाची तांत्रिक जबाबदारी ब्रिजवॉटर यांच्याकडे होती. २ जून रोजी कोट्यवधी लोकांनी तो सोहळा पाहिला. यंत्रे तेथे होती, पण त्यांचा उपद्रव जाणवला नाही, हेच त्या कामाचे यश.

१९६२ ते १९६८ या काळात ते बीबीसी दूरचित्रवाणीचे मुख्य अभियंता होते. १९६४ मध्ये ६२५ रेषांचे चित्र आणि १९६७ मध्ये रंग, ही दोन्ही स्थित्यंतरे याच काळातली. तीस रेषांपासून सहाशे पंचवीस रेषांपर्यंतचा हा प्रवास एका माणसाच्या नोकरीत मावला. प्रेक्षकांच्या स्मरणात राणीचा मुकुट राहिला. तो त्यांच्या घरात आणणारे हात अंधारातच राहिले. पण ज्याला आपले काम दिसण्यापेक्षा ते बिनचूक होण्यात समाधान वाटते, त्याच्यासाठीच हा व्यवसाय आहे.