चंदावरकर, भास्कर

चंदावरकर, भास्कर : (१६ मार्च १९३६–२६ जुलै २००९). मराठी संगीतरचनाकार, सतारवादक व अध्यापक. जन्म पुणे येथे. सतारीचे शिक्षण त्यांनी रविशंकर यांच्याकडे घेतले. पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये ते संगीताचे प्राध्यापक होते (१९६५–८०).

चित्रपटसंगीत म्हणजे गाणी, असे समीकरण आपल्याकडे रूढ आहे. चंदावरकरांचे महत्त्व आहे ते पार्श्वसंगीतात. दृश्याला ध्वनी कोठे हवा, याइतकाच तो कोठे नको, याचा विचार त्यांच्या रचनांत जाणवतो. ‘मायादर्पण’ (१९७२), ‘ओंदानोंदु कालदल्ली’ (कन्नड, १९७८), ‘आक्रीत’ (१९८१), ‘खंडहर’ (१९८४) हे त्यांनी संगीत दिलेले काही चित्रपट. ‘सामना’ (१९७५) या चित्रपटातील आरती प्रभूंच्या गीताला त्यांनी रवींद्र साठे यांचा आवाज योजला. हे गीत कथानक थांबवीत नाही, त्यावर भाष्य करते. हा चित्रपट बर्लिनच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवातही दाखविला गेला.

विजय तेंडुलकरांच्या ‘घाशीराम कोतवाल’ (१९७२) या नाटकासाठी त्यांनी कीर्तन, अभंग, लावणी अशा परिचित ढंगांचा उपयोग केला. भक्तीचा सूर आणि रंगमंचावरील क्रौर्य एकत्र आल्याने उपरोध धारदार होतो. हे गद्य नाटक की संगीत नाटक, असा प्रश्न पाहताना पडत नाही, आणि त्यांची ही कामगिरी बहुधा सर्वांत मोठी ठरावी.

‘श्वास’ (२००४) ही दृष्टी गमावणार असलेल्या बालकाची कथा. तीत कानाला साहजिकच महत्त्व येते. संगीत मात्र मागे राहते. ‘वाद्यवेध’ हे त्यांचे वाद्यांविषयीचे पुस्तक. पुणे येथे त्यांचे निधन झाले.