कवटीच्या तळाशी कठीण होणाऱ्या रक्तवाहिन्या

मेंदूला रक्त पुरवणाऱ्या चार धमन्या मानेतून वर चढून कवटीच्या तळातून आत शिरतात. त्यांपैकी दोन कानाजवळच्या हाडातील बोगद्यातून जाऊन डोळ्यांच्या मागे नागमोडी वळण घेतात. याच वळणावर धमनीच्या भिंतीत कॅल्शियमचे क्षार अधिक साचतात आणि सीटी स्कॅनमध्ये पांढरे दिसतात. नेदरलँड्समधील रॉटरडॅम अभ्यासात पाचपैकी चारांहून अधिक ज्येष्ठांमध्ये ते आढळले.

आतल्या अस्तरात चरबीसोबत क्षार साचले, तर धमनी अरुंद होते. त्याखालच्या लवचीक पडद्यात साचले, तर ती ताठर होते आणि नाडीचा दाब मेंदूतील नाजूक वाहिन्यांपर्यंत पोहोचतो. वय, उच्च रक्तदाब, मधुमेह व धूम्रपान ही प्रमुख कारणे आहेत. मूत्रपिंडाच्या जुनाट आजारात रक्तातील फॉस्फेट वाढते आणि धमनीतील स्नायूपेशी हाडाच्या पेशींसारख्या वागू लागतात.

बुलढाणा जिल्ह्यात हे शेवटचे कारण दुर्लक्षून चालत नाही. पूर्णा खोऱ्यातील खारपाणपट्ट्यात, संग्रामपूर व जळगाव जामोद तालुक्यांतील गावांत, मूत्रपिंडविकाराच्या तक्रारी जुन्या आहेत. खाऱ्या पाण्यातील क्षार थेट धमनीत जाऊन बसत नाहीत; धोका निकामी होणाऱ्या मूत्रपिंडातून येतो.

साचलेले क्षार विरघळवणारे खात्रीचे औषध नाही. रक्तदाब, साखर व कोलेस्टेरॉल आटोक्यात ठेवणे आणि तंबाखू सोडणे हाच उपाय. अशा अरुंद व ताठर धमन्यांमुळे पक्षाघात होऊ शकतो. तोंड वाकडे होणे, हात लुळा पडणे किंवा बोबडी वळणे ही त्याची लक्षणे होत. रक्ताची गुठळी विरघळवणारे इंजेक्शन लक्षणे सुरू झाल्यापासून साधारणपणे साडेचार तासांच्या आतच देता येते.