मोतीबिंदू काढला, आता बॅग कधी उचलू?

रे रोडच्या वस्तीत गोदीतले जुने कामगार आहेत, दारूखान्यात लोखंड कापणारे आहेत, ट्रकवर हमाली करणारे आहेत. आणि गोल्फवर घर चालवणारे एक काकाही आहेत. पहाटे हार्बर लोकल पकडून चेंबूरला जायचे आणि खेळणाऱ्या साहेबांची बॅग खांद्यावर घेऊन १८ होल फिरायचे. या कामाला कॅडी म्हणतात. वय साठीच्या पुढे, पगार नाही. जितक्या फेऱ्या तितके पैसे, वर साहेब खूश झाला तर बक्षिसी.

गोल्फ म्हटले की आपल्याकडे लगेच ‘श्रीमंतांचा खेळ’ म्हणून पान उलटतात. पण चेंबूरचा बॉम्बे प्रेसिडेन्सी गोल्फ क्लब १९२७ सालचा आहे, आणि त्याच्या भिंतीलगतच्या वस्त्यांतून कॅडी येतात. तिथली पोरे लोखंडी सळई वाकवून स्टिक बनवतात आणि प्लास्टिकच्या चेंडूने गल्लीबोळात गोल्फ खेळतात. काकाही सुट्टीच्या दिवशी त्यांच्यात जाऊन खेळायचे. तेव्हा हा लेख आपल्याच माणसांचा आहे.

कॅडीचे खरे काम ओझे उचलण्याचे नाही, नजरेचे आहे. चेंडू उडाला की तो कुठे पडला हे साहेबांच्या आधी कॅडीला दिसले पाहिजे. काकांना दोन वर्षांपासून चेंडू आभाळात गेला की हरवायचा. उन्हात तर सगळे दुधाळ. आधी त्यांना वाटले, चष्म्याचा नंबर वाढला. मग साहेब दुसऱ्या कॅडीला बोलावू लागले. घरात कुणाला काही न सांगता काका मैदानावर नुसते बसून परत यायचे. शेवटी मुलीने हाताला धरून सरकारी दवाखान्यात नेले. उजव्या डोळ्यात पिकत आलेला मोतीबिंदू निघाला, डाव्यात सुरुवात. ऑपरेशनला फार वेळ लागला नाही. दुसऱ्या दिवशी पट्टी निघाली आणि भिंतीवरचा बाबासाहेबांचा फोटो त्यांना इतका लख्ख दिसला की त्यांनी मुलीला विचारले, “फ्रेम नवीन आणली का गं?”

दहाव्या दिवशी विहारात भेटले. “जयभीम. सगळं दिसतंय आता. उद्यापासून जाऊ का कामाला?”

डोळा उघडला म्हणजे डोळा बरा झाला, असा समज आहे. दिसते लगेच, जखम भरायला मात्र वेळ लागतो. आपल्या डोळ्यातले भिंग वयाने गढूळ होते, त्याला मोतीबिंदू म्हणतात. डॉक्टर ते गढूळ भिंग काढतात आणि त्या जागी कृत्रिम भिंग बसवतात. (असे पहिले भिंग १९४९ साली लंडनमध्ये हॅरोल्ड रिडली या डॉक्टरांनी बसवले. युद्धात विमानाच्या काचेचे प्लास्टिक तुकडे वैमानिकांच्या डोळ्यात घुसले होते, तरी डोळ्याने ते सोसले होते. त्यावरून त्यांना हे सुचले.) भिंग बसवण्यासाठी बुबुळाच्या कडेला छेद घ्यावा लागतो. फेको पद्धतीत तो सुमारे तीन मिलिमीटरचा, तर भिंग अखंड बाहेर काढण्याच्या पद्धतीत सुमारे सहा मिलिमीटरचा. दोन्हींत बहुधा टाका नसतो, छेद आतल्या दाबानेच मिटून राहतो. खाली वाकलो, जोर लावला, श्वास कोंडून वजन उचलले की डोळ्यातला दाब वाढतो आणि ओली जखम उसवू शकते. म्हणून घरी येण्याआधी डॉक्टरांना एक प्रश्न जरूर विचारा: माझे ऑपरेशन कोणत्या पद्धतीने झाले?

काकांचे मोठ्या छेदाचे होते. अशा माणसाने वजनाला महिनाभर हात लावू नये. फेको झालेल्यालाही साधारण दोन आठवडे थांबायला सांगतात, डोळा कसा भरतो यावर कमी-जास्त. गोल्फच्या बॅगेत १४ पर्यंत स्टिक असतात, खांद्यावर दहा-बारा किलो सहज होतात, आणि चेंडू उचलायला शंभर वेळा वाकावे लागते. स्टिक फिरवताना तर सगळे अंग पिळवटते. खेळायला म्हणून परतणाऱ्यांनाही डॉक्टर पूर्ण जोराचा फटका तीन-चार आठवड्यांनीच मारू देतात. काकांना मी म्हटले, डॉक्टरांना विचारल्याशिवाय स्टिकला हात लावू नका. ते हिरमुसले. घरातले पैसे संपत आले होते, हे मला नंतर कळले.

एकाने त्यांना सुचवले होते, बॅग नको, नुसता पुढे उभा राहून चेंडू बघत जा, हलके काम आहे. हलके खरेच, पण माणूस उडत्या चेंडूच्या वाटेवर उभा असतो. गोल्फचा चेंडू ४३ मिलिमीटरचा, दगडासारखा टणक. क्रिकेटचा मोठा चेंडू बऱ्याचदा भुवईच्या आणि गालाच्या हाडावर अडतो, हा छोटा थेट डोळ्यावर बसू शकतो. नुकत्याच छेद घेतलेल्या डोळ्यावर तो बसला तर डोळा जातो. पुढे कधीही हे काम करायचे तर पॉलिकार्बोनेटच्या न फुटणाऱ्या काचेचा चष्मा घालूनच.

आपल्या घरातल्या दोन गोष्टी डॉक्टरांना सुचत नाहीत, म्हणून लिहितो. विहारात पंचांग प्रणाम करताना डोके जमिनीला टेकते. जखम भरेपर्यंत तो करू नका, खुर्चीवर बसून हात जोडा, मेणबत्ती-अगरबत्तीच्या धुरापासून लांब बसा. वंदना तेवढीच होते. दुसरे म्हणजे झोप. दहा बाय बाराच्या खोलीत पाच जण झोपतात, नातवाचा कोपर कधी लागेल सांगता येत नाही. पहिला आठवडा तरी रात्री डोळ्यावर प्लास्टिकची वाटी चिकटवून भिंतीच्या कडेला झोपा. तोंड ओल्या फडक्याने पुसा, डोक्यावरून पाणी घेऊ नका.

थेंबांचे काय? धम्मपदाच्या पहिल्याच गाथेच्या अट्ठकथेत चक्खुपाल थेरांची गोष्ट आहे. डोळे आले तेव्हा वैद्याने औषध आडवे होऊन घ्यायला सांगितले. थेरांनी तीन महिने पाठ न टेकण्याचा निश्चय केलेला, त्यांनी ते बसूनच घेतले. गुण येईना. वैद्याने विचारले, आडवे होऊन घेतले का? थेर गप्प राहिले. अखेर डोळे गेले. (त्याच गोष्टीत मागच्या जन्मीच्या पापाचा भाग जोडलेला आहे, तो मी सोडून देतो. मागच्या जन्मीचे कर्म या जन्मी भोगावे लागते, हे बाबासाहेबांनी मान्य केले नाही, आणि मोतीबिंदू वयाने, मधुमेहाने, सिगारेट-विडीने होतो, पापाने नाही.) थेर अर्हत झाले. आपल्याला कामावर जायचे आहे. तेव्हा हात धुऊन, आडवे होऊन, ठरल्या वेळी थेंब घाला. चार-सहा आठवडे थेंब कमी करत न्यायचे असतात, मध्येच बंद करू नका. आणि उरलेली बाटली पुढच्या वेळी डोळा लाल झाला म्हणून घालू नका. त्यात स्टिरॉइड असते, मनाने घालत राहिले तर डोळ्याचा दाब वाढून काचबिंदू होतो.

दुखणे वाढले, लाली वाढली, दिसायला लागलेले पुन्हा धूसर झाले, विजा चमकल्यासारखे किंवा काळा पडदा आल्यासारखे वाटले, तर सोमवारच्या ओपीडीची वाट पाहू नका. त्याच दिवशी, रात्र असली तरी जे. जे. किंवा केईएमच्या अपघात विभागात जा. आतला जंतुसंसर्ग एका-दोन दिवसांत डोळा नेतो.

दारूखान्यात गॅसने लोखंड कापणाऱ्यांना हे सगळे लागू आहे, वर आणखी एक. ज्वाळेचा आणि तापल्या लोखंडाचा प्रखर उजेड वर्षानुवर्षे घेतला तर भिंग लवकर गढूळ होऊ शकते. नवा डोळा घेऊन गॉगलशिवाय पुन्हा तिथे उभे राहू नका, आणि ज्याचा डोळा अजून चांगला आहे त्याने तर मुळीच नाही.

काका सहाव्या आठवड्यात, डॉक्टरांनी तपासून हो म्हटल्यावर गेले. पहिल्या दिवशी वेगळाच घोटाळा. उजव्या डोळ्याने चेंडू पांढराशुभ्र, डाव्याने पिवळट. स्टेशनच्या जिन्यावर पायरीचा अंदाज चुकला. एकच डोळा झाला असेल तर हे होतेच, दुसरा होईपर्यंत कठडा धरून उतरायचे. जुना चष्मा तर कपाटातच ठेवायचा, नवीन नंबर लागेपर्यंत. बसवलेले भिंग बहुधा लांबचे दाखवते, जवळचे नाही. चेंडू दोनशे पावलांवर पडलेला काकांना दिसला, पण उचलून हातात घेतल्यावर त्यावरचा आकडा वाचता येईना. वाचायचा चष्मा त्यांनी आता शर्टाच्या खिशात ठेवला आहे. डाव्या डोळ्याची तारीख पुढच्या महिन्यात मिळाली आहे, आणि त्या दिवसांसाठी या वेळी त्यांनी आधीपासूनच थोडे पैसे बाजूला काढायला सुरुवात केली आहे.