एका अक्षराचा फेरफार

आर्वी, देवळी, हिंगणघाट अशा तालुक्यांतील खेड्यांतून सांधेदुखी, कावीळ आणि पुनःपुन्हा उद्भवणारी रक्तक्षीणता घेऊन जी मुले सेवाग्रामच्या कस्तुरबा रुग्णालयाची पायरी चढतात, त्यांपैकी काहींच्या व्यथेचे मूळ पाण्यात वा अन्नात नसून, आईबापांकडून आलेल्या एका जनुकात असते. विदर्भात सिकलसेल या नावाने घरोघरी परिचित असलेला हा विकार मानवी जनुकसंचातील सुमारे ३०० कोटी अक्षरांपैकी एकाच अक्षराच्या फेरफारातून निर्माण होतो : अकराव्या गुणसूत्रावरील बीटा ग्लोबिनच्या जनुकात ‘ए’च्या जागी ‘टी’ येतो, प्रथिनशृंखलेत सहाव्या स्थानी ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन बसते, आणि प्राणवायू सुटताच हिमोग्लोबिनचे रेणू परस्परांस चिकटून तांबडी पेशी विळ्यासारखी वाकते.

एका अक्षराचा हा अधिकार पाहून जनुक म्हणजे विधिलिखितच असे कोणासही वाटेल. परंतु एकाच घरातील दोन ‘एसएस’, म्हणजे जनुकाच्या दोन्ही प्रती सदोष असलेल्या, भावंडांपैकी एक वारंवार रुग्णालयात दाखल होते आणि दुसरे शेतीभातीची कामे करते, असेही घडते. गर्भावस्थेतील हिमोग्लोबिन पुढे किती टिकावे, यावर क्रमांक दोनच्या गुणसूत्रावरील ‘बीसीएल११ए’सारख्या इतर जनुकांचा अंमल चालतो, आणि ते जितके अधिक, तितकी पेशी वाकण्याची प्रवृत्ती कमी. हायड्रॉक्सियुरिया हे औषध मुख्यतः तेच प्रमाण वाढविते. २०२३ साली ब्रिटनने मान्यता दिलेला जनुक-संपादनाचा उपचारही याच ज्ञानावर उभा आहे.

ज्याच्याकडे सदोष जनुकाची एकच प्रत आहे, तो ‘एएस’ वाहक सामान्यतः निरोगी असतो, किंबहुना बालपणी तीव्र हिवतापापासून त्यास काही संरक्षणही लाभते. मात्र आईबाप दोघेही वाहक असल्यास प्रत्येक गर्भधारणेत २५ टक्के शक्यता ‘एसएस’ अपत्याची. १ जुलै २०२३ रोजी शहडोल येथे आरंभलेल्या राष्ट्रीय मोहिमेने २०४७ पर्यंत या रोगाच्या निर्मूलनाचे उद्दिष्ट ठेविले आहे. परंतु वाहक ठरलेल्या मुलीचे लग्न मोडणार असेल, तर कोणते घर तपासणीस स्वखुशीने राजी होईल? म्हणून विवाहापूर्वी वर आणि वधू दोघांचीही तपासणी व्हावी, अहवाल गोपनीय राहावा आणि निर्णयाचा अधिकार त्या दोघांकडेच असावा. आनुवंशिक घटक रोगाची शक्यता ठरवितात; माणसाची प्रतिष्ठा ठरविण्याचा अधिकार त्यांस कोणी दिलेला नाही.